पिवळी गाठ

रविवारची दुपार कलली, चहा दोनदा झाला, बिस्किटांचा पुडा संपला, तरी खिळ्यानं ते का केलं याचं एकही बरं कारण घरच्यांना सापडलं नव्हतं. वकीलसाहेबांना कारण हवं होतं. उद्या शिक्षेवर सुनावणी होती, आणि कोर्टासमोर रिकाम्या हातानं जायचं नाही असं त्यांचं म्हणणं. ते कारखान्यात कापलेल्या फोमच्या थप्पीवर रुमाल अंथरून बसले होते आणि बोलता बोलता हळूहळू खाली जात होते. बसल्या जागी सावरून घेत त्यांनी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

कर्ज होतं का? नव्हतं. जुगार, नशा? खिळ्यानं जन्मात एकच सिगरेट ओढली होती आणि तीही खोकून अर्धी टाकून दिली. कुणी धमकावलं, घरात घुसून मारहाण केली? नाही. घरात कुणाचं मोठं आजारपण? यावर खिळ्याचा काका नाना म्हणाला की बापूचा, म्हणजे खिळ्याच्या बापाचा, गुडघा दुखतो, तो चालेल का. वकिलांनी त्याच्याकडे बघितलं आणि चष्मा पुसला.

खिळ्याच्या आईच्या मात्र नाकाला मिरच्या झोंबल्या. आमच्या घरात काय कमी होतं हो, असं तिनं वकिलांनाच विचारलं. एकुलता एक मुलगा, चांगली शाळा, अंगावर चांगले कपडे, बापाच्या हाताशी घरचा कारखाना. ती पाढाच वाचणार होती, पण वकिलांनी अगदी कळवळून दोन्ही हात जोडले. बाई, हे उद्या तिथे चुकूनही बोलू नका, ते म्हणाले. ज्याला सगळं मिळालं आणि तरीही त्यानं केलं, त्याला शिक्षा जास्त बसते.

अक्काच्या हे सगळं डोक्यावरून जात होतं. पोर चांगल्या घरातलं आहे हे लोकांना पटवण्यात माणसांचा जन्म जातो, आणि इथे चांगलं घरच अंगाशी येत होतं. ती तीन भावंडांत थोरली. लग्न केलं नाही, वडील, अप्पा, गेल्यापासून हा सोफे-खुर्च्या भरण्याचा कारखाना तिनंच चालवला, आणि बापू आणि नाना या दोन भावांना कामावर ठेवलं, असं ती गमतीत म्हणायची. बापूच्या मुलालाही तिनंच शिकवलं. लहानपणापासून ओठांत बारीक खिळे धरून तिच्या मागेमागे फिरायचा, म्हणून त्याचं नाव खिळ्या पडलं. आता तो अठ्ठावीस वर्षांचा होता आणि कोर्टानं त्याला अमली पदार्थांच्या वाहतुकीत दोषी ठरवलं होतं. शिक्षा ठरेपर्यंत जामिनावर बाहेर होता, एवढंच. या क्षणी तो मागच्या खोलीत दाताच्या डॉक्टरांची खुर्ची भरत बसला होता. त्याच्या हातोडीचा आवाज मधूनमधून यायचा, आणि इथे कुणी आवाज खाली आणला की तोही थांबायचा.

वकिलांनी कायदा पुन्हा समजावून सांगितला. इतक्या मालाला कमीत कमी चार वर्षं, जास्तीत जास्त बारा. मधली सगळी जागा न्यायाधीशबाईंची. नानाला ते काही केल्या पटेना. कुठेतरी तक्ता असेलच ना, त्यानं विचारलं, इतका माल तर इतकी वर्षं, आपण कापडाचा हिशोब करतो तसा. वकील म्हणाले की तक्ता आहे, पण तो फक्त सुरुवात कुठून करायची ते सांगतो. तिथून वर जायचं की खाली, आणि किती, ते बाईंच्या हातात आहे. मग ह्या बाई कशा आहेत, कडक की मऊ, असं बापूनं विचारलं. वकील म्हणाले, त्या ऐकून घेतात. आता हे चांगलं की वाईट, ते कुणालाच कळलं नाही. बाईंच्या हातात आहे, हे वाक्य त्यांनी त्या दुपारी इतक्या वेळा म्हटलं की अक्काच्या डोळ्यांसमोर ते हात यायला लागले, मोठे, पांढरे, टेबलावर पसरलेले.

सगळ्यात जास्त वजन कशाला, तर भूमिकेला. माल कुणाचा, आत भरला कुणी, नेला कुणी. नुसता नेणारा खालच्या बाजूला, भरणारा वरच्या बाजूला. खिळ्याची गाडी शहराबाहेरच्या नाक्यावर अडवली तेव्हा गाडीत जेवणाच्या टेबलाच्या सहा खुर्च्या होत्या आणि प्रत्येकीच्या बैठकीत पुड्या शिवलेल्या होत्या. खुर्च्या ज्या व्यापाऱ्याच्या, तो त्याच दिवशी गायब झाला. तेव्हा वकिलांचं म्हणणं सरळ होतं. खुर्च्या तयार होऊन आल्या, पोरानं गाडी चालवली, आत काहीतरी भानगड आहे हे त्याला माहीत होतं, एवढाच त्याचा गुन्हा. त्या कुणी शिवल्या हे सरकारी वकिलालाही सिद्ध करता आलं नव्हतं. तो नुसता नेणारा म्हणूनच आपल्याला हवा आहे, वकील म्हणाले. आणि घरच्यांपैकी उद्या अक्कांनी बोलायचं. आईबाप तर रडणारच, त्यांचं कुणी मोजत नाही. ज्यानं काम शिकवलं त्याचा शब्द मोजतात.

खुर्च्या कुणी शिवल्या हे अक्काला माहीत होतं, पंचाईत तीच होती.

अप्पांनी कारखाना सुरू केला तेव्हाच एक पद्धत घालून दिली होती. बैठक भरून झाली, बुडाचं कापड शिवून झालं, की ज्यानं ती बंद केली त्यानं आतल्या कोपऱ्यात शेवटची गाठ आपल्या रंगाच्या दोऱ्यानं मारायची. गिऱ्हाइकाला ती कधी दिसत नाही. पण तक्रार आली तर कोपरा उसवायचा, गाठ बघायची आणि त्या माणसाला हाक मारायची. बंद करणारा जबाबदार, मग आतलं काम कुणीही केलेलं असो. अप्पांची गाठ लाल, अक्काची हिरवी, बापूची निळी, नानाची तपकिरी. खिळ्या शाळेत असतानाच रिळांच्या फळीसमोर उभा राहिला आणि त्यानं पिवळा रंग मागून घेतला होता, आणि अक्कानं तो दिला होता.

खटल्यात एकदा पडद्यावर फोटो दाखवले. उलटी केलेली खुर्ची, बुडाचं कापड मधोमध चिरलेलं, आतून पुड्या डोकावताहेत. सगळं कोर्ट पुड्यांकडे बघत होतं. अक्कानं सवयीनं कोपरा बघितला, आणि तिथे मोहरीएवढी पिवळी गाठ होती. चोरी करतानाही सही करून ठेवणारा चोर तिनं आजवर ऐकला नव्हता. ती घामाघूम झाली आणि मग तिला वाटलं की आपण एकटीनंच पाहिलं. बापूनं चष्मा काढून ठेवला होता, नाना फोन घेऊन बाहेर गेला होता, भावजयीचं, खिळ्याच्या आईचं, तोंड रुमालात होतं. तेव्हापासून ती मूग गिळून होती.

आता वकील म्हणाले की बाई कदाचित सरळ विचारतील, हा माल भरण्यात त्याचा हात होता असं तुम्हाला वाटतं का, तर अक्का तुम्ही काय सांगाल. अक्काला ओझं सहन होईना.

"वकीलसाहेब, ती जी गाठ आहे..." तिनं तोंड उघडलं मात्र, बापूला जोराचा खोकला आला. नानाच्या हातून कात्री खाली पडली. भावजय उठून कप गोळा करायला लागली, आणि इतका खणखणाट केला की वकिलांनी कान झाकले.

अक्कानं तिघांकडे आळीपाळीनं बघितलं. म्हणजे यांनाही माहीत होतं. तिघांनाही. इतके महिने एकाच पातेलीतला चहा पिऊन चौघं एकमेकांपासून एकच गोष्ट लपवत होते.

वकील मुरलेले होते. त्यांनी हात वर करून तिला थांबवलं. "अक्का, काही असेल तर मला सांगू नका. मला माहीत नाही तोवर मी पोरानं फक्त गाडी चालवली असं म्हणू शकतो. माहीत झालं की मला ते बोलायला तोंड राहत नाही." मग त्यांनी फोमवरून स्वतःला ओढून काढलं, रुमालाची घडी घातली आणि सकाळी वेळेवर या म्हणून सांगून ते जवळजवळ पळालेच.

 ते गेल्यावर सगळे एकदम बोलायला लागले.

नानाचं म्हणणं, त्यात एवढं काय आहे, पिवळा दोरा बाजारात कुठेही मिळतो. कुणी विचारलंच तर तसं सांगायचं. पण आपण आपल्या तोंडानं विषय काढायचा नाही. बापूनं लगेच मान डोलावली, आणि अक्काला खरं आश्चर्य वाटलं ते त्याचं. याच बापूनं एक टाका वाकडा गेला म्हणून खिळ्याला एक सोफा तीन वेळा उसवायला लावला होता. खोटं काम त्याला खपत नसे. तो आता जमिनीकडे बघत म्हणत होता की आपलं पोर आहे, चार वर्षांचं आठ झालं तर कुणाला तोंड दाखवू.

आणि जिच्याकडून सगळ्यांनी रडारडीची अपेक्षा केली असती ती भावजय म्हणाली, "वन्सं, तुम्ही खरं ते सांगून टाका."

बापूनं तिच्याकडे असं बघितलं की जणू ती दुसऱ्याच कुणाची बायको आहे.

"मला त्याची वाट बघता येईल," ती म्हणाली. "कितीही वर्षं. पण त्यानं नुसती गाडी चालवली, असं मी लोकांना सांगत बसले, तर तो परत आला तरी मला माझा वाटणार नाही. मी कुणाची वाट बघत होते तेच मला कळणार नाही."

यावर नाना विरघळला. वहिनीचं बरोबर आहे, तो म्हणाला, कोर्टाला काही दूधखुळं समजू नये. उद्या दुसऱ्याच कुणी ती गाठ दाखवली तर आपण सगळेच खोटे पडू. त्यानं बापूला समजवायला सुरुवात केली. बापूही हळूहळू डळमळला. आणि तो आता हो म्हणणार असं दिसताच भावजय एकदम रडायला लागली. नको, नको, मी काहीतरीच बोलले, वन्सं, काही सांगू नका. तिच्यासाठी बाजू बदललेला नाना तिथेच लोंबकळत राहिला. संध्याकाळ होईपर्यंत तिघांनीही सगळ्या बाजू एकेकदा धरून सोडल्या होत्या. शेवटी सगळे दमले आणि म्हणाले की अक्का, तूच काय ते ठरव. म्हणजे ज्या प्रश्नापाशी ती सकाळी होती तिथेच तिला आणून ठेवून सगळ्यांनी काखा वर केल्या.

ती उठली आणि मागच्या खोलीत गेली.

खिळ्याच्या ओठांत खिळे होते. डॉक्टरांची खुर्ची कामाच्या लाकडी घोडीवर उलटी ठेवलेली, पट्टे ताणून झालेले, अर्धी बैठक भरलेली. अक्का स्टुलावर बसली आणि म्हणाली की मी ती गाठ पाहिली आहे. तो तसाच थांबला. मग त्यानं एकेक खिळा तोंडातून काढून वाटीत ठेवला. तोंडात खिळे असले की बोलावं लागत नाही, हे त्याला लहानपणापासून माहीत होतं.

"मारताना कळलं नाही का रे?"

"हात गेला," तो म्हणाला. "गाडी अडवल्यावर आठवलं."

अक्काला संताप आला आणि त्याच वेळी तिला कसलातरी अभिमानही वाटला, आणि त्या अभिमानाची इतकी लाज वाटली की तिनं विषय बदलला. तिनं विचारलं, का केलंस. वकील विचारतात म्हणून नव्हे, मला सांग.

त्यानं खुर्चीचा पट्टा चिमटीत धरला. "तो व्यापारी म्हणाला, असं शिवणारा दुसरा माणूस शहरात नाही. पुडी आत आहे हे हातालासुद्धा लागत नाही. घरी असं कुणी म्हणत नाही, आत्या. पण ते कारण नाही. पैसे हवे होते. पण पैशांचं मी काही केलंच नाही, पेटीत तसेच होते. पहिल्यांदा वाटलं, एकदाच करू. दुसऱ्यांदा काहीच वाटलं नाही. तू मला मारलंस तरी मला कारण सांगता येणार नाही."

तिनं त्याला आयुष्यात कधी मारलं नव्हतं. त्या पुड्या कुणाच्या घरी गेल्या असत्या याचा विचार केलास का, असं तिनं विचारलं. त्यानं मान खाली घातली आणि म्हणाला की आता करतो, रोज करतो, तेव्हा नाही केला. हे तिला सगळ्यात खरं वाटलं, आणि सगळ्यात वाईटही.

"उद्या तू काय सांगणार?" त्यानं विचारलं.

"माहीत नाही."

"खोटं बोलू नकोस. माझ्यासाठी तू खोटं बोललीस तर मला सहन होणार नाही." मग थोडं थांबून तो म्हणाला, "पण ते सांगूही नकोस."

"मग उरलं काय?"

"तेच तर."

दोघांनाही हसू आलं. बाहेर बापू, नाना आणि भावजय कान देऊन उभे असणार, त्यांना ते हसू ऐकून काय वाटलं असेल कोण जाणे.

कोर्टाची खोली अक्काला वाटली होती त्यापेक्षा लहान निघाली. खटल्याच्या वेळी ती मोठ्या दालनात बसली होती, इथे चार बाकं आणि एक उंच टेबल. तिची नजर आधी न्यायाधीशबाईंच्या खुर्चीवर गेली. डावीकडची स्प्रिंग गेली होती, बैठक एका बाजूला कलली होती, आणि बाई नकळत उजवीकडे सरकून बसत होत्या. मग तिनं हात बघितले. लहानसे होते. एका बोटाला पट्टी चिकटवलेली, भाजी चिरताना कापतं तिथे.

सरकारी वकील शांतपणे बोलले. माल मोठा, फेरी पहिली नाही, म्हणून दहा वर्षं योग्य ठरतील. मग आपले वकील उठले आणि पोराचं वय, पहिलाच गुन्हा, नुसती गाडी चालवली, सूत्रधार पळाला, असं सगळं सांगून खाली बसले. खिळ्या लाकडी कठड्यामागे उभा होता. ओठ घट्ट मिटलेले. मग अक्काला उभं केलं.

तिनं रात्रभर दोन उत्तरं घोळवली होती. मला माहीत नाही, हे एक. आणि हो, शिवणं त्याचंच आहे, हे दुसरं. कोणतं द्यायचं ते ठरलं नव्हतं. बाईंनी विचारलं की आपलं ह्याच्याशी नातं काय, काम काय, तो किती वर्षं तुमच्या हाताखाली आहे. तिनं ते सांगितलं. बाईंनी लिहून घेतलं आणि मान वर केली. आता येणार तो प्रश्न, असं अक्काला वाटलं. मागच्या बाकावर बापूचा श्वास ऐकू येत होता.

"तो शिक्षा भोगून परत आला," बाई म्हणाल्या, "तर तुम्ही त्याला कामावर घ्याल का?"

हा प्रश्न कुणीच घोकून घेतला नव्हता. वकिलांनीही नाही.  साधा प्रश्न होता, आणि तिला कधी सुचलाच नव्हता. तिला कारखाना दिसला, घोडी दिसली, गिऱ्हाइकांनी विश्वासानं आणून टाकलेल्या खुर्च्या दिसल्या. ती विचार करून जे खरं होतं ते बोलली.

"घेईन. पण गाठ मारू देणार नाही."

मागे भावजयीच्या तोंडून बारीक आवाज निघाला. त्या आवाजानंच अक्काला कळलं की आपण काय बोलून बसलो.

बाईंनी चष्म्यावरून बघितलं. "गाठ म्हणजे?"

आता मागे फिरायला जागा नव्हती. अक्कानं सांगितलं. शेवटची गाठ, आतल्या कोपऱ्यात, प्रत्येकाचा रंग वेगळा. बंद करणारा जबाबदार. ज्याच्या शब्दावर भरवसा नाही त्याला आमच्याकडे बैठक बंद करू देत नाहीत, बाकी सगळं काम देतात. हे सांगताना तिचा आवाज इतका लहान झाला की बाईंना पुढे झुकावं लागलं. आपले वकील डोळे मिटून बसले होते. सरकारी वकील आधी कंटाळून ऐकत होते, ते आता ताठ झाले.

"तुमचा रंग कोणता?"

"हिरवा."

"आणि त्याचा?"

 खोटं एकाच शब्दाचं होतं. तपकिरी म्हटलं असतं तरी भागलं असतं. नानाला राग आला नसता. तिनं खिळ्याकडे बघितलं. तो तिच्याकडेच बघत होता, आणि त्यानं ओठ उघडले.

"पिवळा," तो म्हणाला.

वकील उभे राहून म्हणायला लागले की माझ्या अशिलाला उत्तर द्यायची गरज नाही. बाई म्हणाल्या, "गरज नाहीच. मी त्याला विचारलंही नव्हतं." त्यांनी फाइलमधून फोटो काढला, जवळ धरला, लांब धरला, आणि बराच वेळ एका कोपऱ्याकडे बघत राहिल्या. मग त्या उठून आतल्या खोलीत गेल्या.

त्या परत यायला फार वेळ लागला.  दरम्यान भावजयीनं अक्काचा हात धरून ठेवला होता, तो का धरला होता, रागानं की मायेनं, ते त्या हातावरून कळत नव्हतं.

बाई आल्या आणि त्यांनी वाचून दाखवलं. आरोपीची भूमिका सांगितली गेली त्यापेक्षा मोठी होती, ही बाब शिक्षा वाढवणारी. ती त्यानं कुणी न विचारता, स्वतःचं नुकसान होतं हे दिसत असताना मान्य केली, ही बाब कमी करणारी. परतल्यावर त्याला काम आहे, आणि ते देणारी व्यक्ती त्याला नीट ओळखून आहे याबद्दल शंका नाही, हेही लक्षात घेतलं आहे. सात वर्षं.

बाहेर व्हरांड्यात सगळे भिंतीला टेकून उभे राहिले. सात म्हणजे कमी की जास्त? नाना म्हणाला, जास्त, गाठीचा विषय निघाला नसता तर पाचांत सुटला असता. बापू म्हणाला, कमी, त्या माणसानं दहा मागितली होती. नाना म्हणाला, मागायला काय लागतं. सरकारी वकील शेजारून गेले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावरून ते जिंकले की हरले हे ओळखायचा नानानं फार प्रयत्न केला, पण ते फक्त भुकेले दिसत होते. भावजय कुणाचंच ऐकत नव्हती. ती सात, सात, असं स्वतःशी म्हणत होती, मुलाचं नाव नवीन ठेवल्यावर आई ते उच्चारून बघते तसं.

अक्कानं वकिलांना बाजूला घेतलं. "त्या सातातलं गाठीचं किती?"

"तसं फोडून सांगता येत नाही, अक्का."

"अंदाजे तरी सांगा. वाढली का कमी झाली, एवढंच."

वकिलांनी खांदे पाडले. ते म्हणाले की मी हे काम इतकी वर्षं करतोय, पण बाईंनी एका हातानं काय घातलं आणि दुसऱ्या हातानं काय काढलं, ते मला सांगता येणार नाही. कदाचित त्यांनाही सांगता येणार नाही. मग त्यांना अक्काचा चेहरा बघवला नाही आणि ते म्हणाले, तुम्ही गप्प बसला असता तर काय झालं असतं हे कुणालाच कळणार नाही, तेव्हा तुम्ही स्वतःला खाऊ नका. ती आता मरेपर्यंत खाणार होती, हे त्यांनाही माहीत होतं.

तळमजल्यावर जाळीचं दार होतं. नेण्याआधी एकेकाला भेटू देत होते. बापू गेला आणि लगेच परत आला. भावजय आत गेली तेव्हा बाहेरपर्यंत तिचा आवाज येत होता, ती त्याला गरम कपडे घाल, दात नीट घास, असं सांगत होती, जणू तो सहलीला निघाला आहे. शेवटी अक्का गेली.

खिळ्याचा चेहरा मोकळा होता. इतक्या महिन्यांत तिनं तो असा पाहिला नव्हता. डॉक्टरांची खुर्ची अर्धी राहिली, तो म्हणाला. ती म्हणाली की मी करते पूर्ण. मग त्यानं विचारलं की मी बोललो नसतो तर कमी झाली असती का. तिनं सांगितलं, मला माहीत नाही. वकील काय म्हणतात? त्यांनाही माहीत नाही. त्यानं यावर थोडा विचार केला आणि जाळीला बोटं लावली.

"तू तिथे म्हणालीस, मी आलो तर गाठ मारू देणार नाहीस. ते खरं?"

तिनं त्याच्या बोटांकडे बघितलं. अंगठ्याजवळ सुईचे जुने वण होते, तिनंच शिकवताना झालेले. हो म्हणणं खरं होतं, आणि नाही म्हणणंही तिला खोटं वाटलं नसतं. सात वर्षांनी समोर कोण उभं असेल, तेव्हा ती स्वतः असेल का, आणि असली तरी तिच्या मनात काय असेल, यातलं काहीच तिला दिसत नव्हतं.

"आधी ये," ती म्हणाली. "मग बघू."

"म्हणजे हो का नाही?"

"म्हणजे ते माझ्या हातात आहे."

त्यानं मान हलवली. शिपायानं त्याच्या खांद्याला हात लावला आणि तो आत वळला. अक्का रिकाम्या जाळीसमोर उभी राहिली, आणि तिला त्या न्यायाधीशबाई आठवल्या, बोटाला पट्टी लावून आतल्या खोलीत एकट्या बसलेल्या. त्यांना परत यायला एवढा वेळ का लागला, ते तिला आता कळलं.